नववा जोड

निल्दा लाराल्दे माणसं डोक्यांवरून मोजत नाही, पायांवरून मोजते. सकाळी सव्वासहाला ब्युनॉस आयर्सच्या धक्क्यावर गट जमला की ती प्रत्येकाशी दोन शब्द बोलते आणि बोलता बोलता एकदा खाली बघून घेते. दिवसभरात टोप्या बदलतात, जाकिटं उतरतात, बायका केस वर बांधतात. पण एका दिवसाच्या सहलीत कुणी बूट बदलत नाही. आठ माणसं म्हणजे आठ जोड. आठाच्या वर तिची कंपनी घेत नाही. ‘लहान गट, जाणता गाइड, सकाळी शेजारच्या राजधानीत, रात्री आपल्या घरी’ असं पत्रकावर छापलेलं असतं आणि ते खरं आहे. बावीस वर्षांत निल्दानं एकही जोड मागे ठेवलेला नाही.

शेजारची राजधानी म्हणजे नदीपलीकडच्या उरुग्वेचं मोंटेव्हिडिओ, बोटीनं सव्वादोन तास. निल्दा मूळची तिथलीच. खाडीपलीकडच्या सेरो टेकडीच्या उतारावर ती वाढली. बाप मांसाच्या कारखान्यात होता. पंचविसाव्या वर्षी ती नवऱ्यामागे ब्युनॉस आयर्सला आली. नवरा छापखान्यात कामाला होता. पुढे छापखाना बंद पडला आणि नवराही निघून गेला. दोन्ही गोष्टी एकाच वर्षी झाल्या, पण त्यांचा एकमेकींशी संबंध नव्हता असं ती सांगते. आईबाप वारले, टेकडीवरचं घर विकलं गेलं, भाऊ स्पेनला स्थायिक झाला. आता त्रेसष्टाव्या वर्षी तिच्या जुडग्यात मोंटेव्हिडिओमधल्या कुठल्याच दाराची किल्ली नाही. आठवड्यातून तीनदा ती त्या शहरात सात तास असते आणि सातही तास दुसऱ्यांना शहर दाखवण्यात जातात.

तिथे तिचं नाव आता एकाच ठिकाणी लिहिलेलं उरलं आहे: मतदारयादीत.

उरुग्वेच्या नागरिकाला मत देणं सक्तीचं, आणि परदेशी राहणाऱ्याला ते वकिलातीत किंवा टपालानं देता येत नाही. ज्याला द्यायचं असेल त्यानं यावं. म्हणून दर पाच वर्षांनी ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी नदीवरच्या बोटी भरून जातात. सलग दोन निवडणुका हुकल्या तर नाव यादीतून कमी होतं. निल्दाची मागची निवडणूक हुकली होती. त्या आठवड्यात बोटीच्या ओल्या फळीवरून ती घसरली आणि घोटा मोडला. रविवारी ती पाय प्लॅस्टरमध्ये घालून ब्युनॉस आयर्सच्या खोलीत पडली होती आणि टेकडीवरची शाळा टीव्हीवर दिसते का ते बघत होती. दिसली नाही.

या वर्षी तिला जाग यायला उशीर झाला. सप्टेंबरात चौकशी केली तेव्हा त्या रविवारच्या बोटीत एकही जागा नव्हती. कंपनीच्या गटाच्या नऊ जागा मात्र वर्षभर राखीव असतात: आठ प्रवासी, एक गाइड. बाकीच्या गाइडांना तो रविवार नकोच होता. निम्मं शहर बंद, दारूबंदी, रस्त्यात रांगा. निल्दा म्हणाली, मी नेते.

मालक बासुआल्दो चष्म्यावरून बघत म्हणाला, “गट न्यायला चाललीस की मत द्यायला?”

“गट न्यायला. कार्यक्रमात सेरो आहेच. तिथे चाळीस मिनिटं थांबतो आपण.”

“आणि परत?”

“गटाबरोबर.”

“तेवढं लक्षात ठेव.” बासुआल्दोचा नियम एकच होता: गाइड गटाबरोबर जातो आणि गटाबरोबर येतो. एक गाइड मावसभावाच्या लग्नासाठी पलीकडे राहिला होता. तो अजून पलीकडेच आहे, असं कचेरीत म्हणतात.

निल्दाची योजना साधी होती. टेकडीच्या माथ्यावर जुना किल्ला. तिथे गटाला फोटो काढायला सोडायचं. ड्रायव्हर लक्ष ठेवील. आपण चार गल्ल्या उतरून शाळेत जायचं, मत द्यायचं, परत चढायचं. याच शाळेत तिनं एकोणिसाव्या वर्षी पहिलं मत दिलं होतं. तेव्हा लष्कराचं राज्य होतं आणि कागदावर फक्त हो किंवा नाही एवढंच म्हणायचं होतं. आईही तिथेच मत द्यायची, बापही.

त्या रविवारी बोटीत झेंडेच झेंडे होते. वरच्या मजल्यावर एका पक्षाची गाणी, खालच्या मजल्यावर दुसऱ्याची, जिन्यावर दोन्ही.

“निल्दाबाई, हे सगळे फुटबॉलला चाललेत का?” गटातल्या दोन्या डेल्फिनानं विचारलं. दोन्या म्हणजे बाई; ही अर्जेंटिनातल्याच तुकुमानची निवृत्त मुख्याध्यापिका. पांढरे कापडी बूट, हिरव्या नाड्या.

“मतदानाला.”

“एवढे? बोटीनं?”

“बसनं येणारे वेगळे.”

“नवल आहे. आमच्या घरासमोर शाळा आहे, तरी मतदानाच्या दिवशी माझ्या नवऱ्याचे गुडघे दुखतात.”

धक्क्यावर व्हॅन घेऊन विल्मार तेचेरा उभा होता. एका हातात किल्ल्या, काखेत गरम पाण्याचा थर्मास, मुठीत येर्बाच्या कडू काढ्याचं भोपळ्याचं भांडं. चौदा वर्षं तो निल्दाच्या गटांची गाडी चालवतो. त्याला बघून डॉन एव्हारिस्तो हसला. डॉन म्हणजे राव; हा मेंडोसाचा, द्राक्षमळ्यावरचा मुकादम, बायकोबरोबर आलेला. तपकिरी बूट, टाचा झिजलेल्या.

“तुम्हा उरुग्वेवाल्यांना देव एकच हात देतो म्हणे,” तो विल्मारला म्हणाला. “दुसरा जन्मापासून थर्मासला चिकटलेला.”

“हाताचं तुम्ही बोलू नका,” विल्मार म्हणाला. “तुमच्याकडे हातानं गोल मारतात आणि देवाच्या नावावर खपवतात.”

गट हसला. निल्दानं खाली बघून आठ जोड मोजले आणि पिवळी मिटलेली छत्री वर धरून चालायला लागली.

सकाळ नेहमीसारखी गेली. मोठा चौक, जुन्या वेशीचं दार, नाट्यगृहाच्या बंद पायऱ्या. कोपऱ्याकोपऱ्यावर मेजं मांडून पक्षांची माणसं मतपत्रिका वाटत होती. इथे लोक त्या रस्त्यातच घेतात आणि खिशातून नेतात. डॉन एव्हारिस्तोनं सगळ्या पक्षांच्या गोळा केल्या आणि त्यांनी वारा घेत चालला.

“सर्वपक्षीय माणूस,” विल्मार म्हणाला. “आमच्याकडे असे निवडून येत नाहीत.”

जेवायला बंदराजवळच्या बाजारात बसले. मांस निखाऱ्यावर होतं, वाइन नव्हती. वेटरनं पाण्याच्या बाटल्या आणून ठेवल्या.

“मत देणार तुम्ही आणि कोरडे राहणार आम्ही?” डॉन एव्हारिस्तो म्हणाला. “माझा काय गुन्हा?”

“शेजारी असण्याचा,” दोन्या डेल्फिना म्हणाली. “जेवा मुकाट्यानं.”

पावणेतीनला गाडी सेरोवर पोचली. किल्ल्याचं दार बंद होतं. पण लोक तिथे दारासाठी येत नाहीत, खाडी बघायला येतात. निल्दानं खाडी दाखवली, पलीकडचं शहर दाखवलं, चाळीस मिनिटं दिली आणि गटाला विल्मारच्या हवाली केलं.

“पळ,” तो म्हणाला. “पण घोटा सांभाळ. आणखी एक मोडलास तर उरुग्वेचं सरकार पडेल.”

चार गल्ल्या ती सात मिनिटांत उतरली. शाळेला नवा रंग होता, फाटक तेच होतं. तळमजल्यावर डावीकडच्या दुसऱ्या वर्गाबाहेर रांग होती, ती त्याच रांगेत उभी राहिली. कुणाला काही विचारायची तिला गरज वाटली नाही. रांग हळू होती. पुढे एक बाई शेजारणीला आपल्या सुनेबद्दल सांगत होती. ती गोष्ट संपली नव्हती तेवढ्यात निल्दाचा नंबर आला. तीन वाजून दहा मिनिटं झाली होती.

टेबलामागे तिघं जण होती. मधल्या मुलीनं क्रमांक विचारला. निल्दानं ओळखपत्र न काढता सांगितला, तीन अक्षरं आणि पाच आकडे. मुलीनं यादीवर पट्टी ठेवली, खाली सरकवली, पुन्हा वर नेली.

“तुम्ही इथे नाही आहात, सेन्योरा.”

“इथेच देते मी. ऐंशी सालापासून.”

“या शाळेत?”

“याच वर्गात. आई पण इथेच द्यायची.”

“वर्ग तोच असेल. क्रमांकांची वाटणी दर निवडणुकीला नव्यानं होते. ठिकाण बघितलं नाहीत का? फोनवर दिसतं.”

निल्दानं बघितलं नव्हतं. बोटीच्या तिकिटावर छापलेला दरवाज्याचा नंबर ती प्रत्येक प्रवाशाला तीनदा मोठ्यानं वाचायला लावते. त्याबद्दल लोकांनी तक्रारीही केल्या आहेत. पण ही शाळा होती, आणि सेरोवरच्या माणसाला आपली शाळा शोधायची सवय नसते.

मागचा एक म्हातारा म्हणाला, “वाईट वाटून घेऊ नका. माझा मेव्हणा असाच चार शाळा फिरला. पाचवी सापडली तेव्हा कुणाला मत द्यायचं तेच विसरला होता.”

मुलीनं स्वतःच्या फोनवर बघून ठिकाण सांगितलं: खाली खाडीकाठी बोचीचा क्लब, जिथे म्हातारे लोक लाकडी गोळे फेकत बसतात. चालत वीस मिनिटं. निल्दाजवळ पंधरा होती आणि ती चढावर लागणार होती. ती वर गेली. अडतिसाव्या मिनिटाला ती गाडीपाशी उभी होती.

“झालं?” विल्मारनं विचारलं.

“जागा बदललीय. बोचीचा क्लब.”

“वाटेवरच आहे की. थांबू.”

ते क्लबाशी आले. रांग दारातून निघून भिंतीला वळसा घालून पाण्यापर्यंत गेली होती. विल्मारनं गाडी हळू केली, काच खाली केली. “किती वेळ लागतोय, दोस्ता?” त्यानं रांगेतल्या एकाला विचारलं.

“सव्वा तास. जास्तच.”

विल्मारनं आरशातून निल्दाकडे बघितलं.

“चल,” ती म्हणाली. “अजून किनाऱ्याचा रस्ता राहिलाय. कार्यक्रमात आहे.”

दोन्या डेल्फिना तिच्या मागच्याच सीटवर होती. पुढे वाकून तिनं विचारलं, “मतदान कधी संपतं?”

“साडेसातला.”

“आणि आपली बोट?”

“पावणेसातला.”

“नाही दिलंत तर दंड असेल.”

“दंडाचं काही नाही. मागच्या वेळीही हुकलं होतं. आता नाव काढतील.”

“मग पुन्हा घालता येत नाही?”

“येईल कदाचित. इथे राहणाऱ्याला सोपं आहे. मी कुठला पत्ता सांगू?”

“आणि बोटीत नाही चढलात तर?”

“तर बासुआल्दो मला काढतील.”

“काढतीलच?”

“नियम आहे.”

“मग काय करणार?”

“आता डावीकडे बघा,” निल्दा सगळ्यांना म्हणाली. “हा किनाऱ्याचा रस्ता बावीस किलोमीटर आहे. इथे आपण पाऊण तास चालू.”

ती पाऊण तास चाललीही. मासे धरणारे दाखवले, कठड्यावर थर्मास घेऊन बसलेली कुटुंबं दाखवली, नदीला इथले लोक समुद्र का म्हणतात ते सांगितलं. एकही वाक्य गाळलं नाही. विल्मार गाडीशी टेकून होता. त्याच्या मते त्या दिवशी ती नेहमीपेक्षा चांगलं बोलली, पण विल्मारचं मत धरायचं कारण नाही. त्याला तिचं सगळंच आवडतं.

पाच पंचविसाला ते बंदरावर आले. निल्दानं जोड मोजले. सात होते. डॉन एव्हारिस्तोची बायको प्रसाधनगृहातून आली. आठ. तिनं सगळ्यांची ओळखपत्रं बाहेर काढून घेतली, दरवाजा तीनदा वाचायला लावला आणि त्यांना पासपोर्टच्या खिडकीच्या रांगेत उभं केलं. मग ती दोन्या डेल्फिनाजवळ गेली.

“दोन्या डेल्फिना, तुम्ही शाळेच्या सहली नेल्या असतील.”

“चाळीस वर्षं. एकदा साठ पोरं धबधब्यावर.”

“आठ नेता येतील?”

मुख्याध्यापिकेनं तिच्याकडे नीट बघितलं. “तुम्ही पायाकडे बघून मोजता ते मी सकाळीच ओळखलं. पद्धत चुकीची आहे. पोरं बूट काढून पाण्यात उतरतात, मग काय मोजणार?”

“ही पाण्यात उतरणार नाहीत.”

“डॉन एव्हारिस्तोचा भरवसा नाही. सकाळपासून तहानलेत.” तिनं हात पुढे केला. “ती छत्री द्या इकडे.”

निल्दानं छत्री दिली. “पलीकडे उतरल्यावर पाच नंबरच्या दरवाज्याशी आपली गाडी असेल. प्रत्येकाला हॉटेलवर सोडतात.”

“मालकांना काय सांगू?”

“खरं ते.”

“मुख्याध्यापिकेला शिकवू नका,” दोन्या डेल्फिना म्हणाली आणि पिवळी छत्री उंच धरून रांगेच्या तोंडाशी गेली. “आठ जण! एकामागोमाग एक! डॉन एव्हारिस्तो, ते कागद खिशात ठेवा, तुम्ही उमेदवार नाही!”

बाकीचे सात जण मुकाट्यानं तिच्यामागे गेले. कुणी वळून बघितलं नाही. त्यांना वाटलं असावं की असंच असतं.

विल्मारनं तिला पावणेसहाला क्लबाशी सोडलं. रांग आता भिंतीच्या वळणापर्यंत आली होती.

“माझं सकाळीच झालंय, नाहीतर उभा राहिलो असतो,” तो म्हणाला. “घरी ये नंतर. बायकोनं सोफ्यावर चादर घातलीय. पिझ्झा आहे आणि आरडाओरडा आहे; मेव्हणा दुसऱ्या पक्षाचा.”

“तिला कसं कळलं मी राहणार?”

“साडेतीनलाच फोन केला होता मी. तुझी शाळा बदललीय ते तू सांगितलंस तेव्हाच.”

“मग मला का नाही सांगितलंस?”

“तू कधी कुणाचं ऐकतेस?” तो म्हणाला आणि गेला.

क्लबाच्या अंगणातून खाडी सरळ दिसते. पावणेसातला बोट धक्क्यावरून निघाली. निल्दा भिंतीशी उभी होती, तिच्यापुढे तेव्हा चौतीस माणसं होती. बावीस वर्षांत तिनं ती बोट बाहेरून जाताना पाहिली नव्हती. बोट लहान दिसत होती. ती बंदराच्या भिंतीपलीकडे गेली तेव्हा रांग दोन पावलं पुढे सरकली, निल्दाही सरकली.

फोनवर संदेश आला. ‘आठ जोड, सगळे बसले. डोकीही आठ. डॉन एव्हारिस्तोना बोटीवर वाइन मिळाली, आता ते तुमच्या देशाबद्दल चांगलं बोलताहेत. — डे.’

मग बासुआल्दोचा फोन आला.

“कुठे आहेस?”

“रांगेत.”

“गट?”

“बोटीत. आठही.”

“ते कळलं मला. कुणा बाईनं फोन करून दहा मिनिटं भाषण दिलं. मला तिसरीत असल्यासारखं वाटलं. पण नियम तुला माहीत आहे.”

“माहीत आहे.”

“मंगळवारचा गट मी दुसऱ्याला दिलाय.”

“गुरुवारचा?”

“तोही.”

“बरं.”

“काही म्हणायचंय?”

निल्दानं विचार केला. “मंगळवारी जो येईल त्याला सांगा, किल्ल्याची डागडुजी सुरू होतेय. मागच्या बाजूनं न्यावं लागेल.”

बासुआल्दोनं ते लिहून घेतलं असावं, कारण फोन लगेच ठेवला नाही.

सात वाजून वीस मिनिटांनी ती टेबलाशी पोचली. बाहेर शिपाई दार लोटायच्या तयारीत उभा होता. टेबलामागे जाड चष्म्याचा एक कारकून होता, सकाळी सातपासून बसलेला, आवाज बसलेला. निल्दानं क्रमांक सांगितला. पट्टी यादीवरून खाली गेली, अर्ध्यावर थांबली.

“लाराल्दे, निल्दा,” तो म्हणाला. “आहात.”

पाकीट घेऊन ती पडद्याआडच्या खोलीत गेली. मेजावर सगळ्या पक्षांच्या चळती होत्या; दिवसभर लोकांनी उपसून त्या एकमेकींत मिसळल्या होत्या. तिला हवी ती शोधायला वेळ लागला. बाहेर येऊन पाकीट पेटीत टाकलं. कारकुनानं मत दिल्याची चिठ्ठी फाडून तिच्या हातात दिली.

“जपून ठेवा. सरकारी कामाला लागते.”

तिचं इथे कुठलंच सरकारी काम नव्हतं. तिनं चिठ्ठी घडी करून ओळखपत्राच्या आत ठेवली.

“आणि आज कुणालाच बहुमत मिळणार नाही, असं म्हणताहेत,” कारकून चष्मा पुसत म्हणाला. “दुसरी फेरी झाली तर पुढच्या महिन्याच्या शेवटच्या रविवारी परत यावं लागेल. इथेच या हं. शाळेत जाऊ नका. आज दिवसभरात तुमच्यासारखे अकरा जण शाळेतून आले.”

निल्दा बाहेर पडली. शिपायानं तिच्यामागे दार लावलं. दारावर क्लबाचं नाव होतं आणि खाली पत्ता. तिनं तो वाचला. मग आणखी दोनदा वाचला, मोठ्यानं.